दोनदा बांधलेलं स्वयंपाकघर

हे मी रचलेलं नाही. ज्यांना पटणार नाही त्यांनी इथेच थांबावं, माझा राग नाही.

माझी मावसबहीण आसावरी, तिच्यासोबत हे घडलं. २००६ चा ऑक्टोबर, टेक्सासमधल्या अर्विंगच्या बाहेरचं एक भाड्याचं गोदाम. रात्र-बित्र नव्हती. भर दुपार होती आणि चाळीसेक माणसं अंगणात सँडविच खात होती.

गोदामात सिनेमाचा सेट लागला होता. तो उभारणारा डेरेक, साठीचा इंग्रज. लीड्सच्या एका टीव्ही स्टुडिओत रंगारी म्हणून लागला, मग मालिका, मग सिनेमे, मग अमेरिका. ख्याती एकच. त्याने बांधलेली घरं राहती वाटतात. भिंतीला तेलकट हात कुठे लागत असेल, तो डागसुद्धा हा बरोबर जागी काढायचा.

आसावरी त्याची असिस्टंट. तिचा व्हिसा याच नोकरीवर टांगलेला. दोन वर्षांपूर्वी नागपूरला तिची आई, आमची रत्नामावशी गेली, तेव्हाही व्हिसाचंच अडलं होतं. हिला जाता आलं नाही. फोनवर रडली, तेवढंच.

सिनेमात एक भारतीय स्वयंपाकघर होतं. शेवटी ते जळतं.

डेरेक लाडाने सगळ्यांनाच 'लव्ह' म्हणायचा. तिला म्हणाला, "कल्पनेतलं नको, लव्ह. तुझ्या आईचं कर."

तिने केलं. नागपुरात अजनीच्या रेल्वे क्वार्टरमधलं, जसंच्या तसं. मिठाची बरणी डावीकडे, कारण मावशी डावरी. सांडशीला गुंडाळलेली चिंधी. खिडकीच्या गजाला अडकवलेली गाळणी. मागचं दार मात्र नुसतं दिसायला. प्लायवूडचं, खिळे ठोकून बंद. सेटवरच्या दारांना पलीकडे काही नसतं.

शूटिंगच्या आदल्या दुपारी सगळे जेवायला बाहेर गेले. आसावरी एकटीच बरण्या पुसत होती.

आणि फोडणीचा वास आला...

गॅसला सिलिंडरच जोडलेलं नव्हतं.

मग बांगड्या वाजल्या. अगदी शेजारी...

"आसू, मागचं दार उघडत नाही गं."

आवाज तोच. दोन्ही हात भरलेले असताना बाई बोलते, तसा जरा वैतागलेला.

ती धावत डेरेककडे गेली. जे झालं ते कसंबसं सांगितलं. तो हसेल, असं तिला वाटलं होतं.

तो हसला नाही. सँडविच खाली ठेवून त्याने बोटं पुसली.

"आली का? माझ्या प्रत्येक घरात कुणीतरी येतं, लव्ह. पहिल्यांदा माझा भाऊ आला होता. कुणी आलं नाही की समजायचं, काम कच्चं राहिलं."

तिने विचारलं, मग पुढे त्यांचं काय होतं?

"सेट मोडतो आपण. काम संपलं की मोडायचाच असतो."

ती विनवत राहिली, जाळू नका म्हणून. तो शांतपणे म्हणाला, उद्या तू आली नाहीस तर दुसरी मुलगी येईल. मग व्हिसाचं तुझं तू बघ.

दुसऱ्या दिवशी ती सेटवर गेली.

आग लावली. सगळे खूश होऊन बघत होते. कुणाला काही ऐकू येत नव्हतं.

आसावरीला येत होतं.

मागचं दार आतून कुणीतरी बडवत होतं...

बराच वेळ.

मग कळलं, कॅमेरा अडकला होता. शॉट मिळालाच नाही.

जाळायचे सेट दोन बांधतात. दुसरं स्वयंपाकघर शेजारीच उभं होतं. प्रत्येक वस्तूही दोन-दोन आणलेली. फक्त मांडायची होती.

आसावरीने या वेळी मुद्दाम चुका केल्या. बरणी उजवीकडे. गाळणी कपाटात. सांडशीची चिंधी सोडून फेकून दिली. डेरेक पहिल्या सेटच्या फोटोंशी ताडून बघणार, चुका सापडल्या की हाकलणार, हे ती जाणून होती. हाकलू दे. घर ओळखीचं वाटलं नाही तर आई येणार नाही, एवढंच तिच्या डोक्यात.

सेटसमोरचे पडदे ओढून ती बाहेर खुर्ची टाकून बसली. आत कुणी गेलं नाही.

डेरेक फोटो घेऊन आला. पडदा सारला. एकेक वस्तू बघत गेला. तिने डोळे मिटून घेतले.

"एकही चूक नाही," तो म्हणाला.

तिने डोळे उघडले.

बरणी डावीकडे होती. गाळणी गजाला.

सांडशीला नवी चिंधी... घट्ट गाठ मारलेली.

मावशीला लेकीचं काम अर्धवट राहिलेलं कधी बघवायचं नाही. शाळेतला भरतकामाचा रुमालही हिचा तीच पुरा करायची.

आसावरी ओरडायला गेली. तेवढ्यात कुणीतरी ॲक्शन म्हणालं.

या वेळी दार कुणी वाजवलं नाही...

वाजवलं असतं तर बरं झालं असतं, असं ती म्हणते.

पुढच्या वर्षी सिनेमा लागला. मी जर्सी सिटीच्या थेटरात जाऊन पाहिला. आग त्यात नाहीच. सिनेमा लांबत होता म्हणून कापली म्हणे.

आसावरीला बढती मिळाली. ती डेरेककडेच आहे. सध्या ते नवीन घर बांधताहेत.

कुणाचं, ते मी अजून विचारलेलं नाही.