हात आधी, तोंड नंतर

साक्षीदाराला मी आधी बोलू देत नाही. तो जिथे उभा होता तिथेच त्याला उभं करतो आणि म्हणतो, "हात करून दाखवा, कुठे दिसलं?" हात वर झाला की त्याच्या बोटाच्या रेषेत होकायंत्र धरतो, अंश वहीत लिहितो आणि मगच विचारतो, काय पाहिलंत. भूगर्भ खात्यात एकवीस वर्षं मी हेच करत आलोय. तोंड शेजाऱ्याचं ऐकून बदलतं, हात सहसा बदलत नाही. ऑफिसात मला शंकासूर म्हणतात आणि मला त्याचं अजिबात वाईट वाटत नाही.

या वेळी खात्याने पाठवलं ते नेमकं माझ्या ताईच्या गावी. अकरा दिवसांपूर्वी पहाटे पाच वाजून वीस मिनिटांनी तिथे भूकंप झाला होता. शाळेची कालव्याकडची बाजू कोसळली आणि आत झोपलेला शिपाई गेला. धक्क्याच्या थोडं आधी आकाशात उजेड दिसला, असं बरेच जण सांगत होते. भूकंपाच्या आगेमागे असे उजेड दिसल्याच्या नोंदी आहेत. कारणाबद्दल मात्र जाणकारांचं एकमत नाही. कोणी, कुठून, कुठे पाहिला, एवढं टिपून मला अहवाल द्यायचा होता. कारण शोधायला मला कोणी सांगितलं नव्हतं.

उतरलो ताईकडेच. तिचं घर दोन मजली, जुनं पण नीटनेटकं. खाली मागच्या खोलीत भाऊजींची खाट होती. धक्क्याच्या वेळी ते जिन्यावरून पडले, खुब्याचं हाड मोडलं, शस्त्रक्रिया झाली. डॉक्टरांनी बजावून ठेवलं होतं की सहा आठवडे जागचं हलवायचं नाही, हलवलंत तर पुढचं सांगता येणार नाही. त्याच खोलीच्या भिंतीत करंगळी जाईल एवढी भेग पडली होती. गल्लीतली निम्मी घरं रिकामी होती, माणसं बस डेपोशेजारच्या मैदानात तंबू ठोकून राहत होती. ताई मात्र भाऊजींपायी घरातच थांबली होती.

"तू या विषयातला," चहा गाळता गाळता ती म्हणाली. "हे घर राहील की नाही, एवढंच सांग. तू राहील म्हणालास की मी डोळे मिटून झोपेन."

मी पाच ठिकाणी भेगांवर आडव्या काचेच्या पट्ट्या बसवल्या. पट्टीची दोन्ही टोकं प्लास्टरने भिंतीला चिकटवायची आणि वर तारीख घालायची. भेग केसभर जरी सरकली तरी काच तडकते. भाऊजी पडल्या पडल्या सगळं बघत होते.

"काचेवर तरी विश्वास आहे ना रे तुझा?" ताई म्हणाली. मग भाऊजींना, "लहानपणी याला दूध दिलं की हा आधी मांजराला पाजून बघायचा." भाऊजी हसायला गेले आणि कळ आली तसे गप्प झाले.

दुसऱ्या दिवशी मी तीन साक्षीदार निवडले, तिघंही त्या पहाटे आपापल्या कामावर जागी असलेली. पहिला बेकरीवाला. भट्टी पेटवून तो दारात वाऱ्याला उभा होता. त्याचा हात कालव्याकडे गेला. "निळसर होता साहेब, गॅसच्या जाळासारखा. पण जाळ हलतो, हा हलत नव्हता." दुसरा डेपोचा कंट्रोलर, त्याच्या केबिनच्या पायरीवर. तो म्हणाला, ट्यूब लागताना फडफडते तसं एकदा झालं आणि मग उजेड स्थिर राहिला. तिसरी दवाखान्यातली नर्स. रात्रपाळी संपवून ती फाटकापाशी आली होती. ती म्हणाली, "उजेड भरपूर होता सर, पण कशाचीच सावली पडत नव्हती."

संध्याकाळी ताईच्या स्वयंपाकघरातल्या टेबलावर नकाशा पसरून मी तीन रेघा मारल्या. त्या शाळेवर एकत्र आल्या, अगदी कोसळलेल्या बाजूवर. मी मनाशी म्हटलं, वाटलंच. पाचामुखी परमेश्वर म्हणतात. माझा अनुभव असा, की पाच मुखांतून एकच गोष्ट आली तर ती आधी कुठेतरी चहावर ठरलेली असते. जिथे माणूस मेला तिथेच उजेड दिसला असणार, असं गावाने नंतर ठरवलं आणि हातही त्याप्रमाणे वळले.

म्हणून मी नेहमी दोनदा विचारतो. तीन दिवसांनी, न कळवता, पुन्हा त्याच जागी.

बेकरीवाल्याचा हात या वेळी उलट दिशेला गेला.

"मागच्या वेळी तुम्ही कालव्याकडे दाखवलं होतं," मी म्हटलं.

"नाही साहेब. तेव्हाही इकडेच."

मी वही उघडून आकडा दाखवला. त्याने तो वाचल्यासारखं केलं आणि म्हणाला, "लिहिताना चुकला असाल. होतं असं." ते त्याने इतक्या समजूतदारपणे म्हटलं की मला रागच आला.

बेकरीचं शटर लोखंडी आहे, लोखंडाजवळ होकायंत्राची सुई भरकटते, म्हणून दहा पावलं लांब जाऊन पुन्हा मोजलं. फरक पडला नाही. कंट्रोलरचा हातही बदलला होता, नर्सचाही. दोघंही शपथेवर सांगत होते की पहिल्यापासून हेच सांगितलंय. मला तर दाट संशय आला की ही माझी फिरकी चाललीये. सरकारी माणूस गावात आला की लोकांना तेवढीच करमणूक. पण माझं मोजमाप चुकवायला तिघांनी तीन वेगवेगळे कोन ठरवून धरायला हवे होते, आणि तेही असे की रेघा काढल्यावर त्या एकाच जागी मिळाव्यात. रेघा मिळाल्या त्या पाण्याच्या टाकीवर. शाळेपासून ती टाकी दीड किलोमीटरवर होती आणि तिला पहिल्या धक्क्यात ओरखडाही आला नव्हता.

दुसऱ्या दिवशी दुपारी पावणेचारला आणखी एक धक्का आला. मागाहून येतात तसे छोटे धक्के रोज येतच होते. हाही तसाच, कपातला चहा सांडेल एवढाच. गावात कुठे कौलसुद्धा हललं नाही. टाकीचे चारही खांब मात्र गुडघ्यात वाकावेत तसे वाकले आणि टाकी खाली बसली. खालच्या पंपघरात पंप चालवणारा होता. त्याला अंधार पडायच्या आधी बाहेर काढलं, पण त्याचा उपयोग नव्हता.

मी ही गोष्ट कोणाला सांगितली नाही. सांगणार तरी काय?

सकाळी उठून पुन्हा तिघांकडे गेलो. या वेळी दुसरं होकायंत्र घेतलं. टाकीचं नाव काढलं नाही, त्यांनाही काढू दिलं नाही. तिघांचे हात वर झाले, मी अंश लिहिले, आभार मानले आणि परत आलो. हात धुतले, चहा घेतला, मगच नकाशा उघडला. उगाच वेळ काढत होतो, हे मलाही कळत होतं.

ताई मागे येऊन उभी राहिली. शेवटची रेघ मारून मी पट्टी उचलली.

"हे आपलं घर ना?" ती म्हणाली.

मी तिला सगळं सांगितलं. ती नकाशावर बोट ठेवून ऐकत होती. मग म्हणाली, "आणि काचा?"

मी भिंग घेऊन पाचही पट्ट्या तपासल्या. एकीवरही रेष नव्हती. भेग तसूभरही हलली नव्हती. माझं सगळं शिक्षण, एकवीस वर्षांचं काम त्या पाच पट्ट्यांच्या बाजूने होतं. दुसऱ्या बाजूला तीन अडाणी हात होते. आणि मी टाकी पाहिली होती. मी घाबरलो होतो, हे सरळच सांगतो.

"यांना हलवायचं नाहीये," ताई म्हणाली. "डॉक्टरांनी काय सांगितलंय, तुला ठाऊक आहे."

"ठाऊक आहे."

"आयुष्यात कधी कोणाचं ऐकलं नाहीस. आणि आता बेकरीवाल्याचं ऐकतोस?"

खाटेवरून भाऊजी म्हणाले, "न्या मला. याने कशावर तरी विश्वास ठेवला, एवढ्यासाठी तरी न्या."

डेपोतली चार माणसं आली. नर्सही आली, तिने भाऊजींना खाटेला पट्ट्यांनी आवळून बांधलं आणि माझ्याकडे न बघता म्हणाली, "हे बरोबर नाही करत तुम्ही." मैदान सातशे पावलांवर होतं. भाऊजींनी तोंडात टॉवेल धरला होता. वाटेत एकदा खाट कलली तेव्हा त्यांच्या तोंडून जो आवाज आला, तो मला विसरता येणार नाही. पोचेस्तोवर जखमेवरची पट्टी लाल झाली होती. तंबू तिसऱ्या रांगेत शेवटचा मिळाला, निळ्या ताडपत्रीचा. ताईने उशी सारखी केली आणि पाण्याचं भांडं उशाशी ठेवलं.

तरीही मला हायसं वाटलं. वर फक्त आकाश होतं. पडणार काय? मी तंबूबाहेर येऊन बराच वेळ नुसता बसलो. ऊन उतरलं, मग मावळलं. मैदानात कोणीतरी भांडी घासत होतं, कोणाचा तरी रेडिओ चालू होता.

कंट्रोलर केबिनच्या पायरीवर उभा होता. मला पाहून त्याने हाक मारली. "साहेब, आज पुन्हा नाही विचारणार?"

"झालं माझं काम," मी म्हटलं.

"बरं." आणि मी काही न म्हणता त्याचा हात वर झाला. पायरीवरून, मैदानावरून, पहिल्या दोन रांगांवरून. मी त्याच्या बोटाच्या रेषेत पाहिलं. शेवटी निळी ताडपत्री होती.

"सकाळी तुम्ही गल्लीकडे दाखवलं होतं," मी म्हणालो.

"नाही हो. पहिल्यापासून हेच सांगतोय तुम्हाला."

दवाखान्याचं फाटक मैदानाच्या दुसऱ्या टोकाला आहे. मी पळतच गेलो. नर्स रात्रपाळीला आत शिरत होती. मी धापा टाकत म्हटलं, "हात करून दाखवा." तिने दाखवलं. बेकरीपर्यंत मी गेलो नाही. जागा सापडायला दोन रेघा पुरतात.

तंबूत ताई भाऊजींना चमच्याने पाणी पाजत होती.

"ताई, इथून निघायचं. आत्ता."

तिने चमचा भांड्यात ठेवला. "कुठे?"

मी उभा राहिलो. परत घरी? कोणाच्या अंगणात? जिथे नेईन तिथे उद्या तिघांचे हात वळतील, हे मला त्या क्षणी टाकीच्या खांबांइतकं स्पष्ट दिसत होतं.

"पुन्हा हलवलंस तर हे राहायचे नाहीत," ताई हळूच म्हणाली. रागावून नाही. "नाडी बघ यांची."

मी गुडघ्यावर बसून भाऊजींचं मनगट धरलं. नाडी बारीक आणि भरभर चालली होती. ऊन मावळून अर्धा तास झाला होता. तंबूचं दार उघडं होतं, तरी मला त्यांचा चेहरा धड दिसत नव्हता.

"दिवा लावू का?" मी ताईला विचारलं.

भाऊजींनी हात माझ्या हातातून सोडवून घेतला. वर बघत त्यांनी तो कपाळाशी आडवा धरला, भर दुपारी डोळ्यांवर धरतात तसा.

"दिवा कशाला?" ते म्हणाले.