आसरामाईचा कोनाडा

कोनाडा रिकामा होता.

आसराबाईने लाल पडदा सारला आणि दिवा धरलेला तिचा हात तसाच राहिला. आत तेलाचे काळे ओघळ होते, झेंडूची दोन सुकलेली फुले होती, आणि मधोमध मूर्तीच्या बुडाएवढी स्वच्छ गोल जागा.

"राधाकिसन!" म्हातारी ओरडली. "आरं, माय जाग्यावर न्हाई!"

तिचा मुलगा मेंढ्या सोडून धावत आला. पडक्या मंदिराच्या सभामंडपात चुलीभोवती बसलेले पाहुणेही उठले. चहाचे आधण तसेच खदखदत राहिले.

प्रभावती सर्वांत शेवटी कोनाड्यापाशी गेली. जालन्याच्या एका कॉलेजात ती रसायनशास्त्र शिकवायची. आधी नीट बघायचे आणि मग बोलायचे, ही तिची सवय.

"मूर्ती शेवटची कुणी पाहिली?" तिने विचारले.

"मी," बद्रीनाथ शेठ म्हणाले. नवीन जालन्यात त्यांचे बियाण्याचे दुकान होते. "काल सकाळी नारळ फोडला की मायपुढं. तवा बराबर व्हती."

म्हणजे काल, गुरुवार सकाळ ते आज सकाळ. आणि मूर्ती फार लांब गेलेली असणे शक्य नव्हते.

मंदिर भोकरदनच्या डोंगरात, दोन ओढ्यांच्या बेचक्यात उभे होते. मागे सरळसोट कडा, कड्यावरून धबधबा, पुढे ओढ्यांचा संगम. बुधवारी संध्याकाळी त्यांची जीप गुडघाभर पाण्यातून आत आली, आणि त्याच रात्री पाऊस कोसळला. तेव्हापासून दोन्ही ओढे पुरुषभर उंचीने वाहत होते. आत सात माणसे होती: आसराबाई, राधाकिसन, आणि जालन्याहून आलेले पाचजण. बाहेर जायला वाट नव्हती. पाण्याचा आवाज इतका की हळू बोललेले ऐकू येत नसे, आणि मोठ्याने बोलावे तर सगळ्यांनाच ऐकू जाई. दोन दिवसांत प्रत्येकाला प्रत्येकाचा खोकलासुद्धा पाठ झाला होता.

"मी सुचवतो," अण्णासाहेब शांतपणे म्हणाले, "सर्वांच्या सामानाची झडती घ्या. सुरुवात माझ्यापासून."

अण्णासाहेब निवृत्त चित्रकला शिक्षक. 'अवशेष, धबधबे आणि डोंगरातली माणसं' अशी चार दिवसांची सहल ते तीन वर्षे काढत होते. त्यांनी स्वतःची पिशवी उलटी केली. कपडे, चित्रांची वही, पेन्सिली. मग शेठची ट्रंक झाली, प्रभावती आणि तिची आई कौसल्याबाई यांची वळकटी झाली, जीप झाली. राधाकिसनने स्वतःहून झोपडीतली मडकी बाहेर मांडली.

मूर्ती कुठेच नव्हती.

"आता एकच सवाल," शेठ म्हणाले आणि जीपचालक देवानंदकडे वळले. "काल दुपारी तू कुठं गेल्ता रे? चिंब भिजून आल्ता. मी पायलं."

"जीप वर घ्यायला गेल्तो, शेठ. पानी चाकाला लागून राह्यलं व्हतं. चाकाखाली फांद्या टाकल्या, ह्ये बघा हात."

"हातानं फांद्याबी तोडता येतात अन् देवबी उचलता येतो. तुमच्या लोकांनी तर देव सोडले. मंग हात लावायला भ्या कशाचं?"

देवानंदचा चेहरा उतरला. कौसल्याबाई ताडकन उठल्या. पहिल्या दिवशी जीपमध्ये बसताना देवानंदने त्यांना हळूच "जय भीम, मावशी" म्हटले होते, आणि तेव्हापासून त्यांनी त्याला आपलाच मानला होता.

"शेठ, आमी देव सोडले. चोरी कवाच सोडली न्हाई, कारण धरलीच नव्हती!"

"भांडू नका," अण्णासाहेब मध्ये पडले. "पाणी उतरलं की पोलिसांना कळवू. ते काय ते बघतील."

पाणी उतरणे म्हणजे काय, हे देवानंदला बरोबर समजले. तो प्रभावतीजवळ येऊन म्हणाला, "ताई, ठाण्यात एकदा नाव गेलं की माझं लायसन गेलं. घरी बायकोचे, बेबीनंदाचे, दिवस भरलेत. शनिवारी येतो म्हनून सांगून आल्तो."

प्रभावतीने ओढ्याकडे पाहिले. काठावर तिने खुणा केलेली एक काठी रोवली होती. सकाळपासून पाणी हातभर उतरले होते. याच वेगाने गेले तर संध्याकाळपर्यंत जीप निघाली असती.

"संध्याकाळपर्यंत वेळ आहे," ती म्हणाली. "हात दाखव आधी."

त्याच्या तळव्याला फांदीने लांब ओरखडा काढला होता. तिने सहलीच्या औषधाच्या पेटीतून टिंचर आयोडीन काढले. कापूस दाबताना एक थेंब खाली पडला, कौसल्याबाईंच्या नव्या घोंगडीच्या पांढऱ्या काठावर.

"अगं बाई, डाग पाडला! अन् निळा काहून पडला ह्यो?"

प्रभावती त्या डागाकडे पाहत राहिली.

"आई, ही घोंगडी अजून टोचते?"

"टोचती? उभी केली तर उभी राह्यती! पत्रा पांघरल्यावानी वाटतं. शेठची बी तशीच. अण्णासाहेबांची बघ कशी मऊ सूत. म्हातारीनं त्यांना चांगली देली, आपल्याला काडीची."

तिन्ही घोंगड्या बुधवारी संध्याकाळी आसराबाईने एकाच ढिगातून दिल्या होत्या. शेठ तेव्हा हसून म्हणाले होते, "अण्णासाहेब, तीन साल येऊन राह्यले, घोंगडी आत्ता घेता?"

प्रभावतीने वही उघडली आणि एकेकाला विचारायला सुरुवात केली. चोरीबद्दल नाही. पडसे-तापाची चौकशी करावी तसे.

"राधाकिसनभाऊ, रात्री कुणी इथे येऊ शकतं?"

"राती दारात कुत्री. मांजर फिरकली तरी सारा डोंगर जागा करत्यात. दोन्ही राती गप व्हती."

"आणि दुपारी?"

"दुपारी मी कुत्री घेऊन मेंढरामागं, आय झोपडीत."

"शेठ, काल दुपारी तुम्ही?"

"जेवलो अन् झोपलो. दुसरं हाय काय इथं? डोळे उघडले तं ह्यो देवानंद भिजून येऊन राह्यला व्हता."

"घोंगडी भिजली का तुमची?"

"बिलकुल न्हाई. गळतीपासून दूर ठेवली. नवी हाय ना."

"आई, तू?"

"मी पडले व्हते, डोळा न्हाई लागला. शेठ घोरून राह्यले व्हते. अण्णासाहेब कोपऱ्यात, डोक्यावरून चादर घेऊन गुडूप. तू काठी बघायला गेल्ती."

शेवटी अण्णासाहेब. ते खांबावरच्या नक्षीचे चित्र काढत होते.

"कणकण होती जरा," ते म्हणाले. "दुपारभर घोंगडी अंगावर घेऊन पडलो होतो. चार वाजता उठलो."

"घोंगडी ओली तर नाही झाली? ताप असताना ओलं वाईट."

"छे! माझा कोपरा कोरडा. थेंबसुद्धा पडला नाही तिच्यावर. अंगावरून हलली नाही."

"मग बरं," प्रभावती म्हणाली आणि वही मिटली.

मग ती आसराबाईजवळ जाऊन बसली. म्हातारी रिकाम्या कोनाड्याकडे तोंड करून बसली होती. सकाळपासून तिने पाणीही घेतले नव्हते.

"आजी, नवी घोंगडी कडक का असते?"

"खळ असती पोरी. चिंचोके भाजायचे, उकडून वाटायचे, वर जवारीच्या पिठाची पेज. सुताला पाजायची. मंग वीण घट्ट बसती."

"ती खळ कधी जाते?"

"साधी जाती व्हय? सारा पावसाळा पाठीवर काढावा लागतो, तवा कुठं मऊ पडती."

"आणि एका दिवसात घालवायची असेल तर?"

म्हातारीने पहिल्यांदाच मान वळवली. "तर धबधब्याखाली धरावी लागंल. पन तिथं आमी जात न्हाई. धारेमागच्या कपारीत पान्यातल्या देवी, आसरा, न्हात्यात."

हे प्रभावतीने आधीही ऐकले होते. बुधवारी धबधब्यासमोर अण्णासाहेबांनीच सांगितले होते: धनगर त्या कपारीत पाऊल टाकत नाहीत.

चार वाजता काठीवरची शेवटून दुसरी खूण उघडी पडली. देवानंद जीपपाशी उभा होता. प्रभावतीने सर्वांना सभामंडपात बोलावले. समोर जर्मनच्या तीन वाट्या होत्या, आणि शेजारी तीन घोंगड्या.

"हा काय खेळ?" शेठ म्हणाले.

"पाचच मिनिटं, शेठ." तिने तिन्ही वाट्यांत उकळते पाणी ओतले आणि प्रत्येकीत एका घोंगडीचे टोक बुडवून पिळून काढले. पाणी गढूळ झाले. ती थांबली.

"आता कशाची वाट?"

"गार होण्याची. गरम पाण्यात रंग दिसत नाही."

धबधब्याचा आवाज मंडपात घुमत राहिला. मग तिने टिंचरची बाटली उघडली.

पहिल्या वाटीत थेंब पडला. पाणी निळे-काळे झाले. "ही आईची."

दुसऱ्या वाटीत थेंब पडला. पुन्हा निळे. "ही शेठची."

तिसऱ्या वाटीत थेंब पडला. पाणी फिकट पिवळे राहिले. तिने आणखी एक टाकला. पिवळेच.

"ही अण्णासाहेबांची. खळीत पिठूळ अंश असतो, आयोडीनने तो निळा होतो. या घोंगडीत खळ उरलेलीच नाही. दोन दिवसांपूर्वी एका ढिगातून घेतलेल्या तीन घोंगड्या. दोन पत्र्यासारख्या, एक सुतासारखी."

अण्णासाहेब हसले. "पावसात भिजली असेल, बाई."

"सकाळी तुम्ही म्हणालात, थेंबही पडला नाही."

"मग कुणीतरी नेली असेल. हा देवानंदच—"

"तुम्हीच म्हणालात, दुपारभर अंगावरून हलली नाही. मग देवानंदने नेली कशी?"

अण्णासाहेबांची पेन्सिल बोटांत थांबली.

"आणि आईने तुम्हाला चादरीत पाहिलं, घोंगडीत नाही," प्रभावती म्हणाली. "तिने तुम्हाला पाहिलंच नव्हतं. वळकटीवर ओढलेली चादर पाहिली. घोंगडी तुमच्या डोक्यावर होती आणि मूर्ती घोंगडीच्या आत. कड्याच्या कडेकडेने तुम्ही धबधब्यामागे गेलात. साध्या पावसाने खळ जात नाही, हे आजी सांगतील. धार वरून आदळल्याशिवाय ती इतकी स्वच्छ निघत नाही. गळतीने भिजलेली अंथरुणं रात्रभर चुलीवरच्या दोरीवर होती, त्यांत तुमची घोंगडी वाळली. कुणी कशाला बघेल? आणि झडती सुचवायला तुम्हाला अडचण नव्हती. सामानात काही नव्हतंच. पंधरा दिवसांनी पुढची सहल घेऊन याल, तेव्हा उचलाल."

"आमी कपारीत जात न्हाई म्हनून तिथं ठेवली," राधाकिसन सावकाश म्हणाला. "आमीच तुमाला ह्ये सांगितलं व्हतं. पैल्या साली. माझ्या झोपडीत जेवताना."

अण्णासाहेबांनी वही मिटली. आवाज अजूनही शांतच होता, फक्त कोरडा.

"तुम्हाला कुणाला माहीत आहे ती मूर्ती काय आहे? हजार वर्षांची असेल. पंचधातूची. यांनी तेल-शेंदूर थापून तिचा चेहरा बुजवला. तीन वर्षं मी पुरातत्त्व खात्याला पत्रं लिहितोय, एकाचंही उत्तर नाही. मी चोरली नाही. मी वाचवली."

"आणि देवानंदला?" प्रभावतीने विचारले. "त्याला कोण वाचवणार होतं?"

बद्रीनाथ शेठ जमिनीकडे पाहत होते. मग ते उठले, देवानंदपुढे उभे राहिले, आणि नुसतेच खाकरले.

"ऱ्हाऊ द्या, शेठ," देवानंद म्हणाला.

राधाकिसन धबधब्याकडे निघाला आणि दहा पावलांवर थबकला. लहानपणापासूनची भीती पायांत होती. आसराबाईने त्याला हाताने मागे केले आणि देवानंदकडे बोट दाखवले.

"तू जा, लेकरा. आळ तुझ्यावर आला, मायला तूच आन."

"माय, मी तर—"

"मानत न्हाईस, ठावं हाय मला. उचलताना जपून उचल, बास."

देवानंद कड्याच्या कडेने गेला. पांढऱ्या धारेत तो दिसेनासा झाला, आणि कौसल्याबाईंनी प्रभावतीचा दंड घट्ट धरला. बराच वेळ नुसते पाणी कोसळत राहिले. मग तो बाहेर आला, उघडा, छातीशी सदऱ्यात गुंडाळलेले काहीतरी धरून.

त्याने ते म्हातारीच्या ओंजळीत ठेवले आणि सदरा बाजूला केला.

शेंदराचे पापुद्रे खरवडले गेले होते. कुणीतरी निगुतीने, ब्रशने साफ करावे तसे. खालून एक चेहरा निघाला होता: अर्धवट मिटलेले डोळे, किंचित पुढे आलेला खालचा ओठ, हनुवटीवर गोंदणाचा बारीक ठिपका. आसराबाईने सत्तर वर्षे त्या मूर्तीला तेल घातले होते. हा चेहरा तिने कधी पाहिला नव्हता.

तिने स्वतःच्या हनुवटीवरच्या गोंदणाला बोट लावले.

"लई तरणी हाय की गं ही," ती पुटपुटली.

मग ती अण्णासाहेबांकडे वळली. तिच्या आवाजात राग नव्हता, आणि म्हणूनच त्यांना मान वर करता आली नाही.

"तुला हिचं तोंडच बघायचं व्हतं, तर मला म्हनायचं व्हतं, मास्तर. मीच पुसलं असतं. दिवा धरला असता."

ओढ्यातली काठी बुडाशी उघडी पडली होती. देवानंदने ओला सदरा पिळून अंगात घातला आणि जीप सुरू केली.