हेस्टरचं शेवटचं वाक्य

हेस्टर क्रौलनं एकतीस वर्षं रंगमंचावर मोलकरणी, नर्सा आणि घरमालकिणी केल्या. "चहा आणलाय, बाईसाहेब," एवढं म्हणायचं आणि विंगेत परतायचं. स्कारबरोच्या त्या थिएटरात मी प्रॉम्प्टर होते. आम्ही दोघी मिसेस टॅटर्सलकडे भाड्यानं राहायचो, त्यामुळे तिची सगळी रडगाणी मला पाठ होती.

त्या मोसमात मात्र बयेचं नशीब उघडलं. नाटकाच्या शेवटी सगळे घर सोडून जातात. म्हातारी मोलकरीण एकेक दिवा मालवते आणि म्हणते, "जा तुम्ही सगळे. मी आहे इथं." पडदा. पहिल्या प्रयोगाला लंडनचा एक बडा निर्माता येणार होता.

"मार्ज, एकसष्टाव्या वर्षी का होईना, मला कुणीतरी बघणार गं!"

आमच्या नाटकवाल्यांत नाटकाचं शेवटचं वाक्य तालमीत कुणी उच्चारत नाही, अपशकुन म्हणून. तिथं नुसतं "टमटम" म्हणायचं. खरं वाक्य पहिल्या प्रयोगाला, प्रेक्षकांसमोरच. मी असलं काही मानत नाही, पण पाळते. दिग्दर्शक पेलो नवा होता आणि मेल्याच्या अंगात शहाणपण भारी.

"टमटम काय, मिस क्रौल? वाक्य बोला. नाहीतर बोलणारी दुसरी बघतो."

हेस्टरनं माझ्याकडे पाहिलं. मी मानेनंच नको म्हटलं.

ती बोलली.

वरच्या गॅलरीतून टाळ्या आल्या. एकाच माणसाच्या, हातमोजे घातलेल्या हातांच्या, सावकाश. गॅलरीचा जिना युद्धापासून कुलपात होता.

"कबुतरं," पेलो म्हणाला.

हेस्टर मात्र कमरेतून वाकली. एकटीला टाळ्या, जन्मात पहिल्यांदा! फार वाईट वाटलं मला.

दुसऱ्या दिवशी चहाच्या ट्रेमध्ये एक कप कमी आला. मग कपडेपटातली आयव्ही टेप घेऊन आली. "मोलकरणीचा झगा कुणाच्या मापाचा करू?"

हेस्टर तिच्यासमोरच उभी होती.

"चेष्टा पुरे हं!" मी खेकसले. आयव्ही माझ्याकडे बघतच राहिली.

पहिला प्रयोग हाउसफुल्ल गेला. हेस्टरनं असे काही दिवे मालवले की प्रॉम्प्टची वही हातात धरून मी रडले. तिचं वाक्य झालं, पडदा पडला.

निर्मात्यानं विंगेत येऊन पेलोचा हात धरला. "काय शेवट आहे! रंगमंचावर चिटपाखरू नाही आणि दिवे आपोआप विझतात! कसं जमवलंत?"

पेलो गोंधळला. मग हसला. "ते गुपित."

हेस्टर आत टोप काढत गुणगुणत होती. तिनं ऐकलं नव्हतं.

सकाळी मिसेस टॅटर्सलनं एकच अंडं उकडलं. दुसरा कप मीच आणला, भरला. पेपरात तेच होतं. रिकामा रंगमंच, आपोआप विझणारे दिवे.

"वाच ना गं, मार्ज. माझ्याबद्दल काय लिहिलंय?"

मी पेपर तोंडासमोर धरला. "हेस्टर क्रौलवरून नजर हटत नाही, असं लिहिलंय."

"म्हणजे बघितलं ना मला, शेवटी?"

मी पेपर खाली घेतला. कप तसाच भरलेला होता.

"हो गं, बघितलं," मी समोरच्या रिकाम्या खुर्चीला म्हणाले.