टर्की ओढ्याचं फाटक

"डेल, चल ना लवकर! डुकरांची शर्यत सुरू होईल आणि आपण इथं मोटारी मोजत बसू!" ऑरिन ओरडला.

पण डेल्फिया जागची हलली नाही. जत्रेच्या मैदानाबाहेर गाड्या लावायच्या जागेपाशी ती उभी होती. तिथं तांबड्या-पांढऱ्या पट्ट्यांचं एक लोखंडी फाटक होतं. त्याचा खालचा गज वाकून परत सरळ केलेला दिसत होता आणि त्यावर हिरव्या रंगाचा ओघळलेला डाग होता.

"हे आपल्या ओढ्यावरचं फाटक आहे," ती पुटपुटली.

ऑरिन तिचा चुलतभाऊ. एरवी त्याच्या तोंडाची टकळी थांबायची नाही, पण आता तो त्या डागावरून बोट फिरवू लागला. त्यांच्या शेजारची टॅमसिन हातातलं मक्याचं कणीस खायचं विसरून बघत राहिली.

"नीट बघ हं, डेल. फाटकं सगळी सारखीच असतात," टॅमसिन म्हणाली.

"हा डाग सारखा असेल? दोन वर्षांपूर्वी माझ्या सायकलचा ब्रेक लागला नाही आणि मी धाडकन यावर आदळले. बाबा रागावतील म्हणून रॉइसनं हातोड्यानं गज सरळ केला. तांबडा रंग मिळाला नाही, तर ट्रॅक्टरचा उरलेला हिरवा फासला!"

रॉइस म्हणजे डेल्फियाचा मोठा भाऊ. एप्रिलमध्ये पाऊस कोसळत असताना तो गिरणीतून जनावरांचं खाद्य घेऊन परतत होता. टर्की ओढ्याच्या बुटक्या पुलावरून पाणी चाललं होतं. त्याची पिकअप गाडी वाहून गेली. दोन दिवसांनी त्याचा देह सापडला. पूर आला की ओढ्यावरचं फाटक बंद करतात. पोरानं भरधाव येऊन बंद फाटक तोडलं आणि फाटकही वाहून गेलं, असं वर्तमानपत्रात छापून आलं. गावानं ते खरं मानलं. दुकानात डेल्फिया दिसली की बायका हळूच म्हणायच्या, "हीच ना त्या बेफाम पोराची बहीण?"

आणि ते फाटक इथं धडधाकट उभं होतं!

"म्हणजे ते तिथं नव्हतंच," टॅमसिन म्हणाली. "एरवी ते उघडंच, गवतात पडून असतं. नसलं तरी कोण बघतंय!"

"शेरीफला सांगू या का?" ऑरिननं विचारलं.

"त्याआधी ते कुणी हलवलं ते कळायला हवं. रस्ते, पूल, फाटकं सगळं काउंटीच्या, म्हणजे आपल्या जिल्ह्याच्या, कमिशनरांच्या हातात असतं. सहावीत शिकवलं होतं. तू तेव्हा कागदाची विमानं करत होतास!"

"चांगली उडायची माझी विमानं! बरं, कोण हे कमिशनर?"

"तिघं आहेत. ओढ्याच्या पूर्वेकडचे लोक टीगसाहेबांना निवडून देतात, पश्चिमेकडचे प्रूइटबाईंना, आणि अध्यक्ष होल्टबाईंना सगळे मिळून."

"आणि ओढा कुणाचा?"

"तीच तर गोम आहे! हद्द ओढ्याच्या मधोमध आहे."

टीगसाहेब सरबताच्या टपरीपाशी लोकांचे हात हातात घेऊन हसत उभे होते. डेल्फियानं सरळ जाऊन विचारलं, "साहेब, टर्की ओढ्याचा पूल कोण सांभाळतं?"

त्यांचं हसू मावळलं. "तो पश्चिमेकडचा, बाळ. प्रूइटबाईंना विचार."

तिनं प्रूइटबाईंना गाठलं, तर त्यांनी तिच्या खांद्यावर हात ठेवला. "फार वाईट झालं गं! पण तो पूल टीगसाहेबांचा."

डेल्फियाचे डोळे भरून आले. "माझा भाऊ कुणाच्याच हद्दीत मेला नाही म्हणायचा!"

प्रूइटबाई घाईनं गर्दीत निघून गेल्या. ऑरिन म्हणाला, "दोष असला की दुसऱ्याचा. पण कौतुक असलं तर?"

टॅमसिननं त्याच्याकडे डोळे विस्फारून पाहिलं. "ऑरिन! तुला डोकं आहे!"

सोमवारी कचेरीत कमिशनरांची सभा भरली. तिथं कुणालाही बोलता येतं, मुलांनासुद्धा. डेल्फियानं बाबांना हाता-पाया पडून आणलं होतं. ते मागच्या बाकावर मान खाली घालून बसले. एप्रिलपासून त्यांनी रॉइसचं नाव एकदाही घेतलं नव्हतं.

टॅमसिन उभी राहिली. "आमच्या शाळेच्या अंकात जत्रेबद्दल लिहायचंय. गाड्या लावायची व्यवस्था फारच छान होती! तिथं ते फाटक बसवायची कल्पना कुणाची?"

"माझीच!" टीगसाहेब खुलले. "गेल्या वर्षीच्या जत्रेपासूनची आहे ती."

"तुमची?" प्रूइटबाई उसळल्या. "फाटक उचलून आणलं माझ्या माणसांनी!"

"सांगितलं मी म्हणून आणलं ना!"

"कुठून आणलं?" डेल्फियानं विचारलं.

"टर्की ओढ्या..." प्रूइटबाईंचा शब्द तोंडातच राहिला.



"मागच्या जत्रेपासून ते तिथंच आहे," डेल्फिया म्हणाली. "मग एप्रिलमध्ये माझ्या भावानं तोडलं ते कोणतं फाटक?"

टीगसाहेब टेबलाकडे बघत राहिले. "मला वाटलं, जत्रा संपल्यावर बाईंची माणसं परत नेतील..."

"आणि मला वाटलं, तुमची."

"वर्तमानपत्रवाल्यांना कोणी सांगितलं?" होल्टबाईंनी विचारलं.

"मी," टीगसाहेब कसेबसे म्हणाले. "फाटक जागेवर नाही असं कळलं, म्हणून वाटलं, तुटून वाहून गेलं असेल. जत्रेनंतर ते परत नेलं होतं का, ते बघायला हवं होतं."

होल्टबाई उठून उभ्या राहिल्या. "मी अध्यक्ष आहे. या पोरीनं विचारायच्या आधी मीच विचारायला हवं होतं. सगळ्यांनी ऐका. रॉइसनं कुठलंही फाटक तोडलं नाही. त्याला अडवायला तिथं काहीच नव्हतं. उद्याच्या वर्तमानपत्रात हे छापून येईल, आणि दोन्ही काठांवर फाटकं आजच्या आज बसतील." मग त्या मुलांकडे वळल्या. "मोठ्यांना जमलं नाही ते तुम्ही केलंत. शाब्बास!"

लोक टाळ्या वाजवू लागले. कुणी ऑरिनची पाठ थोपटली, कुणी टॅमसिनला जवळ घेतलं. दुकानातल्या त्याच बायका डोळे पुसत डेल्फियापाशी आल्या. पण तिला बाबा कुठंच दिसेनात.

ते बाहेर गाडीत बसले होते. दोन्ही हात स्टिअरिंगवर, कपाळ हातांवर. डेल्फिया हळूच शेजारी जाऊन बसली.

"मीसुद्धा खरं मानलं गं," ते म्हणाले. "सगळं गाव म्हणालं आणि मीही मानलं. त्याला पुरतानासुद्धा मी त्याच्यावर चिडलेलो होतो."

डेल्फियानं त्यांच्या दंडाला गाल टेकवला. ऑरिन आणि टॅमसिन गाडीपाशी येता येता थबकले आणि लांबच उन्हात उभे राहिले.

बाबांनी बाहीनं तोंड पुसलं. "त्याचं काहीतरी सांग ना. मला माहीत नसलेलं."

"त्याला गायीचं दूध काढताना गाणी म्हणायची सवय होती," ती म्हणाली. "आणि शब्द आठवले नाहीत की मध्येच तुमचं नाव घालायचा."

"माझं नाव? गाण्यात?"

"हो. गाय लाथ मारायची."

बाबा हसले. हसता हसता त्यांना हुंदका फुटला, आणि डेल्फिया पुढचं सांगू लागली.