छायाठोके

कासारपठार नगराच्या जालकेंद्रात त्या मंगळवारी सकाळी नऊ वाजता यमुना धायगुडेला पहिले ठोके दिसले. ऐकू आले नाहीत, दिसले. पडद्यावर हिरव्या ओळी सरकत होत्या आणि त्यांतल्या एका ओळीवर दर तीन सेकंदांनी एक पांढरा ठिपका उमटत होता.

पहाटेच्या भूकंपात नगरातले दोन सेक्टर बसले होते, तीन आणि सात. बसले म्हणजे अक्षरशः बसले. चार मजल्यांच्या इमारती एका मजल्याएवढ्या झाल्या होत्या.

"सर, चार हजार शंभर मीटर," यमुना म्हणाली. "सेक्टर तीन. आत माणसं आहेत."

नगराचं प्रकाशजाल आखणारे डॉ. सबनीस तिच्या खुर्चीमागे येऊन उभे राहिले. त्यांच्या पाठोपाठ बचावपथकाचे प्रमुख मुलाणी आत आले. त्यांच्या भुवयांवरसुद्धा सिमेंट बसलं होतं.

"मॅडम, तुमचं यंत्र काय म्हणतंय ते माझ्या भाषेत सांगा. माझ्याकडं मोठी क्रेन एकच आहे. कुत्री दोन आहेत, ती धुळीनं शिंकत बसलीत."

"घरोघरी इंटरनेट नेणारी काचेची तार असते ना, केसाएवढी, तीच आमचा कान आहे," यमुना म्हणाली. "इथून आम्ही तिच्यात प्रकाशाचा स्पंद सोडतो. वाटेतल्या प्रत्येक जागेवरून त्यातला कणभर प्रकाश मागं फिरतो. कुठं जमीन थरथरली की तार ताणते आणि तिथून परतणारा प्रकाश बदलतो. तो किती वेळानं परतला यावरून अंतर कळतं. याला आम्ही श्रवणतंतू म्हणतो."

"पण माणूसच कशावरून? नळ गळत असेल."

"तालावरून. प्रत्येक घरातल्या पेटीवर एक लाल तालदिवा आहे. भूकंप झाला की तो दर तीन सेकंदांनी लुकलुकायला लागतो. पेटीत बॅटरी आहे, पण ताल इथून जातो, तारेतून. दिवा लागला की ठोका द्यायचा, असं प्रत्येक दारामागं छापून लावलंय. गळत्या नळाला ताल नसतो. असले बेताल आवाज आम्ही गाळून टाकतो."

मुलाणींनी पडद्यावर बोट ठेवलं. "आणि हे खाली? इथंही ठिपके आहेत की."

यमुनेने ते त्यांच्या आधीच पाहिले होते. त्याच तारेवर पुढे, आठ हजार दोनशे मीटर, सेक्टर सात. पण आधी सबनीसच बोलले.

"तो छायाठोका आहे, मुलाणीसाहेब. चार हजार शंभरवर एक खराब जोड आहे. उद्घाटनाच्या घाईत तिथं तार वितळवून सांधायची राहिली, नुसती टोकाला टोक भिडवून काम भागवलं. त्या जोडावरून प्रकाश जास्तच परततो, इथं यंत्राच्या तोंडाशी आपटतो आणि पुन्हा तिथवर जाऊन येतो. दोन फेऱ्या झाल्या की वेळ दुप्पट लागतो. यंत्राला वाटतं, अंतरच दुप्पट आहे."

"म्हणजे तीनमधला माणूस सातमध्येही दिसतो?"

"तोच माणूस, त्याच क्षणी. बघा ना, दोन्ही ठिपके कसे एकदम पडतायत."

"पण छाया फिकी असायला हवी ना?" मुलाणींनी विचारलं. "ही तर चांगली ठसठशीत आहे."

"धक्क्यानं जोड आणखी सैल झाला असेल. मग छाया गडद होते." सबनीसांनी चष्मा पुसला. "सातमध्ये कुणी नाहीच, असं यंत्र म्हणत नाही. ठोके येत नाहीत, एवढंच ते सांगतंय. यमुना, या तारेवर तू आठ वर्षं काढलीस. तू सांग."

सबनीस तिच्याकडे का बघतात, हे यमुनेला कळत होतं. सेक्टर सातमध्ये धोंडीराम चाळके राहत. निवृत्त तारतंत्री. काच कशी सोलायची, कशी पुसायची, श्वास रोखून दोन टोकं एका रेषेत कशी आणायची, हे सगळं त्यांनीच तिला शिकवलेलं. तो खराब जोडही त्या दोघांनीच घातला होता, नंतर नीट करू म्हणून. छायाठोके नेमके त्यांच्या इमारतीपाशी दिसू लागले, तेव्हा चाळकेकाका तिला चिडवायचे, "यमे, माझ्या घरात भूत आणून ठेवलंस. आता त्याला जेवायला पण घालू का?"

सकाळपासून तिने त्यांना चाळीस वेळा फोन लावला होता.

ती खालच्या ओळीकडे पाहत राहिली. ते ठोके खरे असावेत असं तिला इतकं वाटत होतं, की तिचा स्वतःवरच विश्वास बसेना. क्रेन सातकडे न्यावी आणि तीनमधली माणसं गुदमरावीत, तीही फक्त यमुनेला तसं हवं होतं म्हणून? हे पाप तिला पेलणारं नव्हतं.

"साहेब, सातमध्ये माझा माणूस आहे," ती हळूच म्हणाली. "म्हणूनच तिथं माणूस आहे असं मी म्हणणार नाही. ही छाया आहे. क्रेन तीनला न्या."

ठोके कुठले खरे, याच्या दाखल्यावर तिने सही केली.

दुपारी तीनच्या पुढे वायरलेसवर आरडाओरडा सुरू झाला. हात दिसला, मग आवाज आला. जालकेंद्रातले सगळे वायरलेसभोवती गोळा झाले. सेक्टर तीनमधून सहा जण जिवंत निघाले. शेवटची तुळई उचलताना क्रेनच्या साखळीत तार अडकून तुटली आणि वरची ओळ काळी पडली. खालचीही पडली.

"पाहिलंस?" सबनीसांनी तिच्या खांद्यावर हात ठेवला. "माणूस बाहेर आला, छाया गेली."

संध्याकाळी क्रेन घाटाखालच्या गावाकडे रवाना झाली. तिथेही माणसं अडकलेली होती. सातच्या ढिगाऱ्यावर कुत्री फिरवली. ती शिंकली आणि परत आली.

बुधवारी दुपारी यमुना अहवाल लिहायला बसली. वायरलेसवरच्या नोंदींच्या वेळा तिला आलेखाशी जुळवायच्या होत्या. तीन वाजून बारा मिनिटांनी मुलाणींचा माणूस फटीतून ओरडला होता, "पोचलो आम्ही, आता ठोकू नका!" वरच्या ओळीवरचे ठिपके तिथेच थांबले होते. तार तुटली तीन एकोणीसला.

मधली सात मिनिटं वरची ओळ कोरी होती. खालच्या ओळीवर ठिपके पडतच होते.

मूळच नाही आणि छाया आहे.

तिने ते मोजले. सात मिनिटांत तालदिवा एकशे चाळीस वेळा लागला होता आणि ठोके होते एकशे एकोणचाळीस. एकच जागा रिकामी होती. ती मागे गेली, सकाळच्या आलेखात. तिथेही दर एकशे आठ ठसठशीत ठिपक्यांनंतर एक ठिपका फिका, जेमतेम दिसेल एवढा. तीनची खरी छाया तेवढीच होती. बाकी सगळे ठोके छायेवर बसलेले, तिच्याशी तंतोतंत जुळलेले. जुळणारच होते. सगळ्या घरांत दिवा एकाच क्षणी लागेल अशी सोय तिनेच तर केली होती.

छाया जप करत नाही. एकशे आठ झाले की हात बदलायला तिला थांबावं लागत नाही.

ती फोनवर फक्त एवढंच म्हणाली, "मुलाणीसाहेब, मी चुकले. क्रेन परत आणा."

"घाटात दरड आहे, मॅडम. तरी आणतो."

गुरुवारी सकाळी सेक्टर सात उघडला. चाळके भिंतीला टेकून बसलेले होते. डॉक्टर म्हणाले, बुधवारी रात्री गेले असावेत. त्यांच्या शेजारच्या पारूबाई चिकणे जिवंत होत्या. तंबूत यमुना त्यांच्या उशाशी जाऊन बसली.

"तू यमी का?" पारूबाईंनीच विचारलं. त्यांचे ओठ फुटले होते. "तुझं लई सांगायचं म्हातारं. मी दमले की म्हनायचं, पारूबाई, माळ पुरी करा, यमी बघतीया."

यमुनेने मान खाली घातली.

"एक माळ मी, एक माळ त्यांनी. पानी तसंच. दर धा माळंला एकेक घोट, मोजून. चार दिस पुरवायचं, म्हनले. मंगळवारी दुपारी दिवा विझला बघ. मला वाटलं, संपलं आता. तर म्हातारं हसाय लागलं. म्हनलं, अवो पारूबाई, तार तुटली म्हंजी क्रेन आली! आपल्याच डोक्यावर खनत्यात. आता ठोकायचं काम न्हाई."

"मग?"

"मग काय, ठोकायची वाटी ठिवली खाली. आन् बाटलीत हुतं नव्हतं तेवढं पानी मला पाजलं. म्हनले, प्या. पोरं आल्यात."