तिवरांतलं बोबडं

चांदणी बोलायची थांबली, ते ऋतिकाशिवाय कोणाच्या लक्षातच आलं नाही. चौदा महिन्यांचं पोर. कधी "बाबू-बाबू-ता" करत घर डोक्यावर घ्यायचं, कधी गप्प बसायचं. पण सलग नऊ दिवस हूं की चूं नाही म्हटल्यावर ऋतिकाने तिला डॉक्टरांकडे नेलं. कान ठीक, घसा ठीक. "होतं असं, बोलेल," डॉक्टर म्हणाले.

घरी आल्यावर चांदणीचं बोट दारात चेमटलं. तोंड उघडलं, गालांवरून पाणी ओघळलं, पण आवाज आला नाही.

नवघरला त्यांची बिल्डिंग अगदी शेवटची. बाल्कनीखाली कंपाउंडची भिंत, भिंतीपलीकडे बंद पडलेली मिठागरं, आणि त्यांत माजलेली तिवरं, खारफुटीची झाडं. ओहोटी लागली की चिखलातून त्यांची मुळं बोटांसारखी वर आलेली दिसायची, हजारोंनी. ऋतिका डोंबिवलीची. तिला ती हिरवाई आवडायची. चांदणीला मांडीवर घेऊन रोज दुपारी ती तिथेच बसायची, गाणी म्हणायची, लेकीशी तासन्‌तास बोबडं बोलायची.

दहाव्या दिवशी दुपारी ती कपडे वाळत घालत होती. चांदणी आत पाळण्यात झोपली होती. आणि खालून, भिंतीच्या पलीकडून, आवाज आला.

"बाबू-बाबू-ता."

पहिला संशय तळमजल्यावरच्या यतीनवर. तो दिवसभर मोबाईल स्पीकरला लावून बसायचा.

"भाभी, मेरे को बच्चे की आवाज से क्या काम?" तो म्हणाला. "मेरा खुद का लडका कम चिल्लाता है क्या?"

दुसरा संशय नवऱ्यावर. निकेतच्या फोनमध्ये लेकीचे पन्नासेक व्हिडिओ होते. तो आंघोळीला गेल्यावर ऋतिकाने एकेक लावून पाहिला. चांदणीचे ओठ हलत होते. मागे पंख्याची घरघर होती, निकेतचं हसणं होतं. चांदणीचा आवाज एकातही नव्हता.

"माइक गेला असेल," टॉवेलने डोकं पुसत निकेत म्हणाला.

"तुझा आवाज येतोय की."

त्याने फोन घेतला, पाहिला आणि खिशात टाकला. ऑफिसला जाताना तो तिच्याकडे न बघताच गेला.

उरले सासरे. बाळारामबाबांचा जन्म त्याच मिठागरांतला. जेवायला बोलवायचं तर ते हाक मारत नसत, ताटावर चमचा आपटत. ऋतिकाला त्याचं हसू यायचं. त्या दिवशी आलं नाही.

"बाबा, तुम्ही हाक का नाही मारत?"

"सवय." त्यांनी घास कालवला. "मिठागरात तोंडानं हाक न्हाय मारायची. डबा वाजवायचा. आन् पोराला नीट बोलता येईस्तोवर तिकडं न्यायचंच न्हाय."

"मला कोणी सांगितलं नाही."

"मिठागरच राहिलं न्हाय. सांगायचं काय?"

"तिचा आवाज तिकडे आहे, बाबा. मी ऐकलाय."

बाळारामबाबांनी बाल्कनीचं दार लावून घेतलं. "तिवरं ठेवून घेतात," ते हळू म्हणाले. "कडेला कालचं. जसं आत जावं तसं जुनं."

"परत मिळतं?"

"एक बाई गेलती आणायला."

"मग?"

"मिळालं काहीतरी." अर्धं ताट तसंच टाकून ते हात धुवायला उठले.

दुसऱ्या दिवशी ओहोटीला ऋतिका भिंतीच्या खिंडारातून उतरली. चांदणी कडेवर. बांध संपला तिथे चपला काढल्या.

कडेच्या मुळांशी ती वाकली. कुकरच्या शिट्ट्या. मग तिचाच आवाज, चिडलेला: तुझा आवाज येतोय की.

चार पावलं आत. परवाचं भांडण. चार पावलं आणखी. नवरात्रातला ढोल.

चिखल पोटरीपर्यंत आला. तिच्याच अंगाईची एक ओळ कानावरून गेली आणि लगेच, गुडघ्याएवढ्या एका मुळाशी:

"बाबू-बाबू-ता."

ऋतिकाला रडू फुटलं. "ऐक, सोनू, ऐक. हे तुझं आहे. घे."

चांदणी तिकडे बघतच नव्हती. आईच्या खांद्यावरून ती मागे झुकली होती. आत, दाट अंधारल्या तिवरांकडे. तिथून मिठावर फळी ओढल्याची खरखर येत होती. कोणीतरी खोकलं.

चांदणीचं तोंड उघडं होतं.

मग तिने आवंढा गिळला. दूध संपल्यावर गिळायची, तसा.

दोन दिवस काही झालं नाही. रविवारी ऋतिका तिला स्वयंपाकघरात वरणभात भरवत होती. बाळारामबाबा बाहेरच्या खोलीत झोपले होते. चांदणीने घास गालात सरकवला.

"बाल्या," ती जाड, घोगऱ्या, पुरुषी आवाजात म्हणाली. "ऊठ. पानी भरलं."



बाहेरच्या खोलीत खाट करकरली.

"आलो, बा," बहात्तर वर्षांचे बाळारामबाबा झोपेतच म्हणाले.

लेंगा गुडघ्यांवर दुमडत ते अनवाणी दाराकडे निघाले होते. चांदणीने आईच्या हातातला दुसरा घास घेतला, सावकाश चावला, आणि कडी निघाल्याचा आवाज होईपर्यंत ती मान तिरकी करून ऐकत राहिली.