उशीर ग्रहावरचं हवामान

कासा नाक्यावरची जीप भरल्याशिवाय सुटत नाही. तिथं घड्याळाचं काही चालत नाही. शेवटचा माणूस आत आला आणि दार आपटलं, की तीच सुटायची वेळ! त्या संध्याकाळी धाकल्या ड्रायव्हर बोनेटला टेकून घसा फोडत होता, "गंजाड, गंजाड! एकच सीट!" आणि ती एक सीट काही केल्या भरत नव्हती.

दिवसभर कपड्याच्या दुकानात साड्या उलगडून जयवंतीचे हात भरून आले होते. ऑक्टोबरचं ऊन उतरलं, तरी जीपचा पत्रा तापलेलाच. शेजारी बसलेला पोरगा मात्र खुशाल गालातल्या गालात हसत होता. बाजारात मोबाईल दुरुस्त करणारा सुरज तो.

"हसायला काय झालं?" तिनं फटकारलं.

"काही नाही... म्हटलं, एखाद्या ग्रहावर असंच घड्याळाचं काही चालत नसेल तर? हवा बदलली, की वेळच बदलायचा."

दुसरी एखादी तोंड फिरवून बसली असती. पण जयवंतीला असल्या वेडेपणाची भारी हौस!

"बरं, मग वारा सुटला की काय होतं तिथं?"

"पिवळा वारा असतो. तो सुटला की अख्खी दुपार पापणी लवेपर्यंत संपते. आणि धुकं उतरलं की सगळं जागच्या जागी. घास तोंडाशी असेल तर तोंडाशीच!"

"अगं बाई, उपाशीच मरायची माणसं! आणि पाऊस?"

"तो उलटा. जमिनीतून आभाळात जातो." सुरजनं तिच्याकडे बघितलं आणि पटकन नजर वळवली. "तो पडत असला, की एकदा बोललेलं परत घेता येतं."

"नाव काय तुमच्या ग्रहाचं?"

"अजून ठेवलं नाही."

"उशीर ठेवा," जयवंती म्हणाली. "धाकल्यादादाची जीप तिथलीच आहे."

दोघं इतकी हसली, की पुढच्या सीटवरच्या पुतळीमावशीनं आपली मासळीची पाटी सावरत मागं वळून बघितलं.

झालं! त्या दिवसापासून जो आधी पोचेल त्यानं शेजारच्या सीटवर रुमाल टाकायचा. तुम्हीचं तू कधी झालं, दोघांनाही कळलं नाही. "उशीरवर आज काय?" असं एकानं विचारायचं आणि दुसऱ्यानं हवामान सांगायचं. दुकानात कंटाळा आला असेल तर "पिवळा वारा काही सुटला नाही बघ." जीप नेमकी लवकर भरली तर "आज धुकं पडायला हवं होतं..." बाकी सगळं बोलून व्हायचं, मनातलं तेवढं एकच राहायचं.

मग एक दिवस जयवंतीचा नाशिकला नर्सिंगला नंबर लागला. तीन वर्षं! लहानपणापासून तिला तेच व्हायचं होतं. आनंद पोटात मावत नव्हता, पण संध्याकाळची ती शेजारची सीटही सुटणार होती. जीपमध्ये बसता बसता तिनं ते सुरजला सांगितलं आणि त्याच्या तोंडाकडे बघत राहिली. जा, पण मी आहे... एवढंच तिला ऐकायचं होतं.

"बरं झालं की!" सुरज हसत म्हणाला. "जीपची एक सीट तरी मोकळी होईल."

जीभ म्हटली की घसरायचीच, पण घसरायला दुसरी जागा नव्हती का, बाबा? जयवंतीनं खिडकीकडे तोंड केलं ते गंजाड येईपर्यंत वळवलं नाही. पुढं आठवडाभर ती पुतळीमावशीला चिकटून बसली.

अखेर कामाचा शेवटचा दिवस आला. उद्या सकाळी नाशिकची बस. जयवंती जीपमध्ये येऊन बसली आणि हातानं सवयीनं शेजारी रुमाल टाकला. तो उचलावा असं मनात आलं, पण उचलवेना.

"गंजाड! एकच सीट!"

तेवढ्यात सुरज धावत आला. आत मात्र चढला नाही. तिच्या खिडकीशी उभा राहिला.

"बस की!" धाकल्या ओरडला.

"नाही बसत. मी बसलो की जीप सुटेल." सुरजला धाप लागली होती. "जयवंती... उशीरवर आज दाट धुकं आहे."

"मला काय त्याचं?"

"मग शेजारी रुमाल कुणासाठी?"

"पडला असेल!" ती म्हणाली, पण डोळे भरून आलेच. "धुकं घेऊन काय करू, सुरज? पाडायचा तर उलटा पाऊस पाड."

"पडतोय. ते सीटचं बोललो ते परत घेतलं. त्या दिवशी तुला धीर द्यायला गेलो आणि माझाच धीर सुटला."

"आणि त्या जागी काय बोलणार?"

सुरजनं खिडकीची दांडी धरली, सोडली, पुन्हा धरली.

"अरे, बोल रे बाबा!" पुतळीमावशी करवादली. "माझे ओले बोंबील इथंच सुकायचे!"

सगळी जीप खदखदून हसली. त्या हसण्यातच सुरजनं बोलून टाकलं, "तू मला आवडतेस. पहिल्या दिवसापासून. तू जा, शीक, मोठी हो. मी वाट बघतो. पण आज... आज जरा वेळ थांबू दे."

जयवंतीनं डोळे पुसले. दांडीवरच्या त्याच्या बोटांवर तिनं आपला हात ठेवला.

"मलाही तू आवडतोस, येड्या. म्हणूनच सांगते, थांबवू नकोस." तिनं शेजारचा रुमाल उचलला आणि सरकून जागा केली. "वेळ थांबला तर तीन वर्षं संपायची कशी? चल, बस लवकर. जीप सुटू दे."

सुरज आत येऊन बसला. धाकल्यानं दार आपटलं.